वळ्ळीची मूक्कुत्ती

पाळयंकोट्टै,
२ डिसेंबर

पूंगोदै कण्णू,

अप्पाचे आशीर्वाद. जावईबापूंनाही सांग. इकडे बरं चाललंय. यंदा ताम्रपर्णीला पाणी भरपूर आहे. शेजारच्या चेल्लत्तायच्या गाईला कालवड झाली; खरवस पाठवला होता, तुझ्या अम्माने आवडीने खाल्ला.

फोन असताना अप्पा पत्र का लिहितात, असं तुला वाटेल. फोनवर बोलताना अम्मा शेजारीच बसलेली असते, म्हणून.

अम्माच्या नाकातली चमकी, तिची मूक्कुत्ती, काढण्याचं तू फोनवर सांगितलंस तसंच केलं. डॉक्टर म्हणाले होते, डोक्याच्या स्कॅनला अंगावर धातू नको, घरूनच काढून आणा. हात साबणाने धुतले. कोमट मिठाच्या पाण्यात कापूस भिजवून तिच्या नाकपुडीवर धरला. साचलेला मळ सुटला. मग खोबरेल सोडलं. जन्मभर घड्याळांचे बारीक बारीक स्क्रू फिरवले मी, पण ही आतली फिरकी काही हलेना. लग्नापासून कधी निघालीच नव्हती ना!

अम्मा म्हणाली, "अहो, नाक आहे माझं, घड्याळ नव्हे."

दोघंही खूप हसलो. त्या सकाळी ती मला ओळखत होती.

ओढलं नाही मी. पुन्हा शेक दिला, पुन्हा तेल. बाहेरून फूल चिमटीत धरलं आणि आतली फिरकी उलटी फिरवत गेलो. सुटली. खाली पांढरा पंचा पसरला होता, त्यात पडली. रक्ताचा टिपूसही नाही. तू असतीस तर शाबासकी दिली असतीस.

स्कॅन झाला. डॉक्टर म्हणाले, मेंदू आक्रसत चाललाय, औषधाने फार तर वेग कमी होईल. हे तुला अंदाजाने ठाऊकच असेल, नर्स आहेस तू.

पण हे सांगायला मी पत्र लिहीत नाहीये.

गळ्यातली ताली, तिचं मंगळसूत्र, मात्र दवाखान्यातच काढली होती. घरी आल्या आल्या अम्मा दमून झोपली. मी म्हटलं, उठल्यावर दोन्ही घालू. मी चुलीपाशी कॉफी करत होतो. ती उठून वेणी घालायला आरशासमोर बसली. उघडा गळा, उघडं नाक. आतून किंकाळी आली.

धावत गेलो तर तिने कपाळावरचं कुंकू पदराने पुसून टाकलं होतं. मला विचारते, "कधी गेले हो? मला कुणी सांगितलंसुद्धा नाही!"

"वळ्ळी, अगं, मी इथे आहे."

तिने माझ्याकडे पाहिलं, आणि जमिनीवर बसून छाती पिटत ओप्पारी सुरू केली. आपल्याकडच्या बायका मयतापुढे बसून गातात, तशी. कण्णू, मेलेल्या माणसाला जे ऐकू येत नाही, ते सगळं मी ऐकलं. माझी बोटं किती नाजूक होती ते. माझ्या रागाला ती किती भ्यायची ते. कुट्रालमचा धबधबा दाखवतो म्हणालो आणि दर मोसमात दुकान उघडून बसलो, तेही.

मला रडू आवरेना. तर थांबून म्हणते कशी, "अण्णाच्ची, रडू नका. तुमचे कोण लागायचे ते?"

अण्णाच्ची! वाण्याला हाक मारावी तशी.

दुसऱ्या दिवशी मूक्कुत्ती घालायला गेलो, तर फाडकन हातावर मारलं. "नवरा गेलेल्या बाईच्या नाकाला हात लावता? लाज नाही वाटत?" चेल्लत्तायने समजावलं, "अक्का, अहो, हेच तुमचे मालक!" तर अम्मा माझ्याचकडे वळून कुजबुजली, "बिचारी. डोकं ठिकाणावर नाही तिचं."

नाकाचं भोक बुजत चाललंय. आता मी आग्रह करत नाही. मी मेलो नाही हे पटवायला गेलो की ती घाबरते. मेलो म्हटलं की शांत होते. माझ्या हातून इडली खाते, भल्या माणसाचे आभार मानते. दिवेलागणीला म्हणते, "अण्णाच्ची, आता घरी जा. बायको वाट बघत असेल." मी चपला घालतो आणि तिण्णैवर, बाहेरच्या ओट्यावर, बसून राहतो. तिला झोप लागली की आत येतो.

पोंगलला तू येशील. दारातच ती तुझ्या गळ्यात पडेल आणि म्हणेल, "तुझे अप्पा गेले गं!" तेव्हा तू नाही म्हणू नकोस. तिच्यासोबत रड. मी तिथेच कुठेतरी उभा असेन. माझ्याकडे बघू नकोस.

अजून असलेला,
तुझा अप्पा