बरी झालेली मुलगी

११ जानेवारी

आज लवंगीला पुन्हा वॉर्डात नेलं. आणि जादू झाली! दुसरा शब्दच नाही.

चष्मेवाली बाई परवापासून बॅग भरून बसली होती. मुलगा चार वर्षांचा, रक्ताचा कर्करोग. गालांमुळे नर्सनी त्याचं नाव ढब्बू ठेवलंय. पहिल्याच औषधानं त्याचं तोंड आलं, केस उशीवर दिसायला लागले, आणि बाईनं ठरवलं की झालं तेवढं पुरे. घेऊन जाते घरी, जे व्हायचं ते माझ्या मांडीवर होऊ दे. डॉक्टर बोलून थकले. मी तर घसा बसेपर्यंत बोलले. रुग्णालयाच्या मदत कक्षातली माझी नोकरीच ती, अशा आईबापांना धरून ठेवायची. पण पालथ्या घड्यावर पाणी!

शेवटी शाळा सुटल्यावर लेकीला बोलावून घेतलं. तेरा वर्षांची, दोन जाड वेण्या, नाकावर एक फोड. तिला ढब्बूच्या पलंगाशी उभं केलं आणि म्हटलं, "ही माझी. सहा वर्षांची असताना याच वॉर्डात होती. हाच आजार." बाई बघतच राहिली. मग हात पुढे करून तिनं लवंगीची वेणी हळूच ओढून पाहिली, खरी आहे का म्हणून. लवंगी हसली. बाईनं बॅग उघडली आणि ढब्बूचे कपडे पुन्हा कपाटात लावले.

लवंगी हेही नर्सनीच ठेवलेलं नाव. सुई दिसली की नुसती तडतडायची! आता किती शहाणी झालीय. येताना बसमध्ये माझ्या खांद्यावर डोकं ठेवून झोपली. दमली असेल.

१९ जानेवारी

आमच्या घरचं काळजीवाहू सरकार पुन्हा सत्तेवर आलंय. म्हणजे नवरा. सकाळी दाढी करता करता हळूच म्हणे, लवंगी खोकते का गं?

हवा बदलली की सगळेच खोकतात, म्हटलं. दुधानं तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो, हे मी रोज बघते. उपचार संपलेल्या मुलांचे आईबाप पोर शिंकलं तरी दचकतात, झोपेत पोराच्या कपाळाला हात लावतात. त्यांना मी एकच सांगते — सारखं विचारू नका. पोराकडे पोर म्हणून बघा, रिपोर्ट म्हणून नको. तेच यालाही ऐकवलं. यानं हनुवटी कापून घेतली.

२ फेब्रुवारी

लवंगीनं आणखी एक उशी मागितली. उंच उशीवर वाचायला बरं पडतं म्हणे. दिली.

९ फेब्रुवारी

ढब्बूचं रक्त सुधारतंय. जीव भांड्यात पडला. त्याची आई मला रोज सकाळी फोन करते आणि पहिला प्रश्न ढब्बूचा नाही, माझ्या पोरीचा! तुमची लवंगी कशी आहे? मजेत, असं मी म्हटलं की तिकडून एक लांब श्वास ऐकू येतो. मग ती दिवसाला सुरुवात करते. आपलं पोर बरं होईल यावर तिचा अजून विश्वास नाही. माझं बरं झालंय यावर मात्र आहे.

आता बाकीच्याही आया मागे लागल्यात, आम्हालाही दाखवा. लवंगी आमचं हुकमाचं पान झालीय! या आठवड्यात बऱ्याच वेळा येऊन गेली. एकदाही कुरकुर नाही. उलट संध्याकाळी तीच विचारते, "आई, ढब्बूच्या आई आहेत ना अजून? गेल्या नाहीत ना?" एवढ्याशा पोरीला केवढी काळजी परक्याची. मला फार अभिमान वाटला.

जेवण मात्र घटलंय. पोट भरलं म्हणते. या वयात मुलींची थेरं असतातच.

२० फेब्रुवारी

आज घरात वाजलं.

लवंगीच्या हृदयाची वर्षाची तपासणी या आठवड्यात होती. आजार जातो, पण कर्करोगाच्या त्या लाल औषधाचा काही भरवसा नाही. ज्यानं जीव वाचतो तेच औषध पुढे वर्षांनी कधीतरी हृदयाला त्रास देऊ शकतं. सगळ्यांना नाही, काहींना. म्हणून दरवर्षी सोनोग्राफी करायची, कंटाळा करायचा नाही. हे मी प्रत्येक आईबापाला घोकून घोकून सांगते. आणि आमची एकही तपासणी आजवर चुकली नाही.

पण लवंगीच म्हणाली, "आई, आता नको. चाचणी परीक्षा आहे. मेळावा झाला की जाऊ." मलाही ते सोयीचंच होतं. बऱ्या झालेल्या मुलांचा मेळावा महिन्यावर आलाय, सगळा भार माझ्यावर, आणि लवंगी व्यासपीठावर बोलणार आहे. फोन करून तारीख पुढची घेतली. मागच्या वर्षीचा रिपोर्ट तर उत्तम होता.

नवऱ्याला सांगितलं तर त्यानं ताट बाजूला सारलं. म्हणाला, लोकां सांगे ब्रह्मज्ञान. पुढचं बोलला नाही, पण पुढचं मला येतं. कोरडे पाषाण काय! पोरीला अंगाखांद्यावर घेऊन वॉर्डात राहिले ती मी. हा दाराशी उभा राहून रडायचा. असं सगळं ओठांवर आलं होतं. मी लवंगीला भात वाढला. लवंगी दोघांकडे बघत होती आणि घास नुसता फिरवत होती.

२७ फेब्रुवारी

पोरीचे पाय वाढतायत! संध्याकाळी बूट निघता निघत नव्हते, मोज्यांचे वळ उठले होते. नवे घ्यायला हवेत.

५ मार्च

शाळेतून खेळाच्या बाईंचा फोन. लवंगी हल्ली मैदानावर येत नाही, बाकावर बसून असते, घरी सगळं ठीक आहे ना? मी म्हटलं, तिला वेगळं काढू नका हं, इतर मुलींसारखंच वागवा. त्या म्हणाल्या, मी तसंच वागवते, म्हणून तर फोन केला.

उर्मट वाटल्या मला. मोठ्या झाल्या की मुली बसतातच बाकावर. मीही बसायचे.

१२ मार्च

आज माझं डोकं फिरलंय. त्या चष्मेवालीनं मला जिन्यात गाठलं. आजूबाजूला कुणी नाही ना ते बघून म्हणाली, "ताई, रागावू नका. तुमच्या मुलीला धाप लागते."

मी म्हटलं, कुणी सांगितलं?

कुणी नाही, म्हणे. काल लवंगी ढब्बूला गोष्ट वाचून दाखवत होती. वाक्याच्या मधेच थांबत होती. ढब्बूला वाटलं राक्षस येणार म्हणून थांबतेय, तो खूश. "पण मी तिच्या गळ्याकडे बघत होते, ताई. शीर उडत होती."

मी तिला चांगलंच सुनावलं. तुम्हाला आता सगळीकडे आजारच दिसणार, सुतावरून स्वर्ग गाठू नका, माझी मुलगी ठणठणीत आहे. ती मान खाली घालून ऐकत राहिली. चष्मा काढून पुसला, पुन्हा घातला. मग म्हणाली, तसंच असू दे हो, तुमच्या तोंडात साखर पडो. आणि निघून गेली.

उगाच ओरडले. पण तिनं तसं म्हणायला नको होतं. तिला काय अधिकार?

१३ मार्च

लिहावं की नाही कळत नाही.

संध्याकाळी घरी येताना लवंगी माझ्या पुढे होती. तिला माहीत नव्हतं. मी खाली इमारतीच्या दारातच होते, ती जिना चढत होती. पहिल्या वळणावरच थांबली. कठडा धरला. दप्तर खाली ठेवलं आणि पायरीवर बसली, डोकं गुडघ्यांवर. शेजारचे आजोबा खाली येताना दिसले तशी बुटाची नाडी बांधायला लागली. ते गेल्यावर पुन्हा डोकं गुडघ्यांवर.

मग उठली. ओढणीनं तोंड पुसलं. वर जाऊन बेल वाजवली आणि बाबानं दार उघडल्यावर काहीतरी विनोद केला. त्याचं हसणं मला खालपर्यंत ऐकू आलं.

मी हाक मारली नाही. का नाही मारली? नियम माझाच, विचारायचं नाही. आणि खरं सांगायचं तर भीती वाटली. काल एवढी चिडले ती त्या बाईवर नाही. मनात पाल केव्हाच चुकचुकली होती.

जेवताना एवढंच म्हटलं, दमलीस का गं आज?

"छे! मी कशाला दमतेय?" इतक्या पटकन म्हणाली. माझ्या प्रश्नाआधी उत्तर तयार होतं.

मेळावा होऊ दे. लगेच तपासणी आहेच.

२१ मार्च

मेळावा झाला.

सभागृह भरलं होतं. पुढच्या रांगांत उपचार चालू असलेली मुलं, तोंडाला मास्क, डोक्याला रुमाल. ढब्बू आईच्या मांडीवर. लवंगीचं नाव पुकारलं. व्यासपीठाला चार पायऱ्या. ती पायऱ्यांपाशी गेली, वर पाहिलं, आणि म्हणाली, मी इथूनच बोलते, तुमच्या जवळून. टाळ्या पडल्या! लोकांना वाटलं किती प्रेमळ आहे. मलाही एक क्षण तसंच वाटलं. एकच क्षण.

छान बोलली. बरं होता येतं म्हणाली. मला बघा म्हणाली. ओठ निळसर दिसत होते, मी ते दिव्यांवर ढकललं.

पहिल्या रांगेत मोठ्या डॉक्टरबाई होत्या. लवंगीवर उपचार केले त्याच. भाषण संपल्यावर त्यांनी हात मिळवायला म्हणून तिचा हात हातात घेतला. शाबासकी दिली. आणि हात सोडलाच नाही. बोटं मनगटावर सरकली. लोक फोटो काढत होते, लवंगी हसत होती, बाईही हसत होत्या, पण त्यांचं हसू नुसतं चेहऱ्यावर राहिलं होतं. हात सुटेना. मी लांबून बघत होते.

मग त्यांनी मान वळवून गर्दीत मला शोधलं.

२२ मार्च

सोनोग्राफी काल रात्रीच झाली. हृदयाचा जोर निम्म्याहून खाली आलाय. पायांना सूज आहे, फुप्फुसांत पाणी साचलंय, त्याचाच खोकला होता आणि त्यासाठीच त्या उशा होत्या. माझी पोर बसून झोपत होती. शेजारच्या खोलीत.

पुष्कळदा औषधांनी सावरतं, डॉक्टरबाई म्हणाल्या, नाही सावरलं तर पुढचं तेव्हा बोलू. हेच वाक्य मी लोकांना समजावून सांगते. आज मला कुणी समजावलं नाही, गरजही नव्हती. महिनाभर आधी आला असतात तर बरं झालं असतं, एवढंच त्या हळू आवाजात म्हणाल्या. ओरडल्या असत्या तर सोसलं असतं.

नवरा माझ्या शेजारी बसून राहिला, माझी पर्स मांडीवर घेऊन.

दुपारी लवंगीला विचारलं, कधीपासून होतंय गं हे? तिनं चादरीची किनार चाचपली. मग म्हणाली, नवीन वर्षाच्या आधीपासून.

"मला का नाही सांगितलंस?"

"सांगितलं असतं तर तू मला वॉर्डात नेलं नसतंस. मग काकू ढब्बूला घरी घेऊन गेल्या असत्या." नळी लावलेला हात तिनं चादरीखाली सरकवला. "आणि तूच सांगायचीस ना सगळ्यांना, मजेत आहे म्हणून."

मी बाहेर जाऊन उभी राहिले. कुठल्या तोंडानं आत जाऊ ते कळेना.

२४ मार्च

आज तिला थोडं आडवं झोपता आलं. डोळे मिटूनच म्हणाली, "आई, आता मला बरी म्हणून कुठे उभं राहायला नको ना?"

नको, म्हटलं. कुठेच नको.

"मग चालेल," म्हणाली.