आसेनरावांची मान

१२ एप्रिल २०२०, ल्यूकन, आयर्लंड
लॉकडाऊनमध्ये आयुष्याचं ध्येय सापडलं. शेजारच्या नर्स रादकाचे वडील आसेनराव बल्गेरियातले फिल्म ॲक्टर निघाले! चाळीस सिनेमे. लेकीकडे महिनाभरासाठी आले, अडकले. आता बागेत कंपोस्ट ढवळतात. बघवेना. त्यांचं करिअर मी पुन्हा उभं करणार. अकरा वर्षं सॉफ्टवेअर टेस्टर म्हणून दुसऱ्यांच्या चुका शोधल्या. बास झालं.

१४ एप्रिल
आसेनरावांना इंग्रजी समजतं, बोलायला लाजतात. त्यात मास्क, मध्ये कुंपण. काही अडत नाही. मी तुमचा मॅनेजर होऊ का, विचारलं. मान वर-खाली. ठाम!

३ मे
चकल्या नेल्या. हव्यात का? मान आडवी. डाएट असणार. प्लेट परत आणली. ते बराच वेळ प्लेटकडे बघत होते.

२० सप्टेंबर
दुसरीकडून काही ऑफर आहे का, विचारलं. मान आडवी. बिचारे. माझ्याशिवाय कोण आहे त्यांना?
आमच्या रेवाने तिच्या आयरिश इंग्रजीत विचारलं, की युअर मॅनला, म्हणजे त्या गृहस्थांना, हे सगळं हवंय तरी का. नऊ वर्षांच्या पोरीला काय सांगणार?

१५ नोव्हेंबर
तुमच्यासाठी नोकरी सोडू का, असं स्पष्टच विचारलं. मान वर-खाली. खात्रीसाठी पुन्हा विचारलं. या वेळी हातही जोडले. आपली संस्कृती फार लवकर उचलली त्यांनी.

१६ नोव्हेंबर
राजीनामा दिला. वृंदा म्हणाली, बायकोला विचारायची पद्धत असते. विचारलं असतं तर ती नाही म्हणाली असती, म्हणून विचारलं नाही. हे लॉजिक तिला पटलं नाही.

१० जानेवारी २०२१
आसेनरावांना न्यायला रोज सकाळी टॅक्सी येते. आज रादकाला गाठलं. म्हणे विकलोला शूटिंग सुरू आहे. मोठा रोल. ऑफर सप्टेंबरातच आली होती!
मी म्हटलं, मला तर नाही म्हणाले. तिने विचारलं, मान कशी हलवली? करून दाखवली. ती हसली, मग गंभीर झाली. बल्गेरियात आडवी म्हणजे हो. वर-खाली म्हणजे नाही.
दुपारभर ही डायरी उलटी वाचली. त्यांना फक्त चकल्या हव्या होत्या.

११ जानेवारी
ऑफिसला फोन केला. माझी जागा भरली. वृंदा बोलत नाही. निरोप रेवामार्फत, इंग्रजीत.

३१ जानेवारी, सकाळी ११
रविवार. आसेनराव बागेत. चकल्या घेऊन गेलो. शूटिंगला न्यायला-आणायला ड्रायव्हर हवा का, विचारलं. मान आडवी. म्हणजे हो! तिथूनच ओरडून वृंदाला सांगितलं, काम मिळालं!
तेवढ्यात रादका बाहेर आली. म्हणाली, सेटवर फार गोंधळ व्हायचा, म्हणून बाबा आता आयरिश पद्धतीनेच मान हलवतात.
चकल्या त्यांनी ठेवून घेतल्या.
घरात आलो तर रवा भाजल्याचा वास. वृंदा शिरा करत होती. तीन आठवड्यांत पहिल्यांदा माझ्याशी बोलली. म्हणाली, काम नक्की ना?
मी मान वर-खाली हलवली. बल्गेरियन पद्धतीने.