उधळणं आणि बसणं

॥ श्री ॥
मुकुंदवाडी, औरंगाबाद
१२ ऑगस्ट १९९१

ती. द्वारकाआक्कांस,
चतुराचा शि. सा. न. वि. वि.

तुमच्या भावाला काल दवाखान्यातून घरी आणलं. पोटभर जेवले, अंगणात खुर्ची टाकून बसले आणि शेजारच्या फकिराभाईंशी क्रिकेटवरून वादही घातला. म्हणून आधी हेच लिहिते, काळजी करू नका.

आषाढातली हकीकत तुम्हाला तुटक-तुटक कळली असेल. हे झोपेचनात. एक दिवस पाटबंधारेच्या कचेरीतून येताना ट्रॉली भरून कडुनिंबाची रोपं घेऊन आले आणि इथल्या मैदानात एकट्यानं खड्डे खणायला लागले. आठवड्यात बाग तयार होणार, उद्घाटनाला मोठी माणसं येणार, असं दिसेल त्याला सांगायचे. इतके आनंदात होते की सुरुवातीला मलाही बरं वाटलं. मग लोकांनी अडवलं तर अंगावर धावून गेले. पुढं एकाएकी सगळं विझलं. भिंतीकडं तोंड करून पडले ते अंघोळीलाही उठेनात.

डॉक्टर म्हणाले की याला बायपोलर म्हणतात. एकाच माणसाला कधी अतोनात चढतं, कधी पार उतरतं. बाहेरची बाधा नाही, कुणाचं पाप नाही. गोळ्या चालू ठेवायच्या, झोप मोडू द्यायची नाही, मधूनमधून रक्त तपासायचं. मी फारच खोदून विचारत राहिले तेव्हा त्यांनी आपल्या कपाटातलं एक पुस्तक दिलं. हा आजार घेऊन कसं जगावं आणि घरच्यांनी तो कसा समजून घ्यावा, यावर आहे म्हणे. पण ते इंग्रजीत. घरात इंग्रजी ज्यांना येतं तेच आजारी, आता काय करायचं सांगा!

गोदासाठी पडेगावचं स्थळ आल्याचं तुम्ही लिहिलं होतं. पाहुणे तुमच्या लेकीला बघायला येतील तेव्हा यांनी यावं की नाही, ते मोकळेपणानं कळवा. मला राग येणार नाही.

तुमची सावली आमच्यावर आहे तशीच राहू द्यावी.
आपली, चतुरा

पाचोड
२६ ऑगस्ट १९९१

चि. सौ. चतुरास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र बाजाराच्या दिवशी मिळालं. तिथंच भाजीच्या ढिगाजवळ बसून वाचलं. एकटीनं लई सोसलंस बाई.

खरं सांगते, तात्यासाहेब म्हणत्यात की पाहुणे येतील त्या दिवशी बद्रीला बोलवू नको. मागं आमच्या पुतण्याच्या लग्नात त्यानं माईक धरला तो सोडलाच नाय, वऱ्हाड उन्हात ताटकळलं, ते अजून कुणी इसरलं नाय. मी नवऱ्याशी भांडले असते, पण भांडायला माझ्याकडं होतं काय? त्याला नेमकं काय होतं ते मला तरी कुठं कळतंय?

माझी जाऊ बानाबाई म्हणाली, उतारा करा. लिंबं आणली. पण तुझ्या पत्रात बाधा नाय असं वाचलं, मग त्यांचं सरबत केलं आणि बानाबाईलाच पाजलं.

एक भ्या मात्र पोटात बसलंय. हे रक्तातून उतरतं का? माझ्या गोदाला तर काही होणार नाय? पुस्तकात काय लिहिलंय ते बद्रीलाच मराठीत लिहून धाडायला सांग. म्हणावं, लहानपणी शाळेतून आल्यावर मला धडा सांगायचास तसा सांग, साहेबी झाडू नको.

त्याला दूध देत जा. स्वतःही जेवत जा.
तुझी नणंद, द्वारका

मुकुंदवाडी, औरंगाबाद
१९ ऑक्टोबर १९९१

ती. आक्कास,
बद्रीनाथचा शि. सा. न. वि. वि.

अक्षर गिचमिड झालंय. गोळ्यांनी हात जरासा थरथरतो, मन मात्र थरथरत नाही, तेव्हा सौदा वाईट नाही. कचेरीतून आलो की चहा घेऊन दोनेक पानं मराठीत करतो. पुस्तकाची पहिली काही प्रकरणं सोबत पाठवली आहेत.

शब्दांनी फार छळलं. चढण्याला शब्दकोशात उन्माद सापडला आणि उतरण्याला अवसाद. अवसाद हा शब्द चतुराला वाचून दाखवला तर तिनं विचारलं, हा कुठल्या देवळात मिळतो?

तू रक्ताचं विचारलंस. पुस्तक काही लपवत नाही. हा आजार घराण्यात चालतो, व्हय. पण आजारी माणसाच्या भाच्या-पुतण्यांपैकी बहुतेकांना तो कधीच होत नाही. गोदासाठी रोज भिऊन राहायचं कारण नाही. मात्र कधी तिची झोप उडाली, तर डोळे झाकूनही बसायचं नाही.

हे लिहिताना मला आपले मुंजाबाकाका आठवले. दिवस दिवस न झोपता गावचे सगळे आड उपसायला निघायचे आणि पुढं महिना महिना गोठ्यात घोंगडी पांघरून पडायचे. लोक त्यांना खुळा मुंजाबा म्हणायचे. आक्का, त्यांच्या आजाराला नाव आहे हे त्यांना कुणी सांगितलंच नाही. 

आणखी एक. बरं असतानाच एक माणूस ठरवून ठेवावं, आपण चढलो तरी ज्याचं ऐकू, असा सल्ला त्यात आहे. मी तुझं नाव ठरवलंय. चतुरा म्हणते बरं झालं, तिचं तर मी धड असतानाही ऐकत नाही.

तात्यासाहेबांना नमस्कार. मला बोलावू नका म्हणाले, त्यात त्यांचं चुकलं असं मला वाटत नाही.
तुझाच, बद्री

पाचोड
२४ नोव्हेंबर १९९१

चि. बद्रीनाथ यास अनेक आशीर्वाद.

तुझी पानं दोनदा वाचली. ते उन्माद न् अवसाद आधी खोडून टाक. आपल्याकडं बैल उधळतो आणि बैल बसतो. उधळलेल्याला सगळं रान आपलंच वाटतं, पुढं विहीर आहे ते दिसत नाय. आणि बसलेल्याला शहाणा माणूस मारून उठवत नाय. आधी जू काढतो, पाणी दाखवतो, मग वाट बघतो. तुझ्या पुस्तकानं इतकी पानं खर्चून हेच सांगितलंय ना?

मुंजाबाकाकाला गोठ्यात भाकर मीच नेऊन द्यायची. एकदा मला म्हणाले, द्वारके, मी आळशी नाय गं, मला माझाच हात उचलत नाय. मी लहान. मला वाटलं हात दुखतोय, म्हणून तेल आणून चोळत बसले. तुझी पानं वाचून आज इतक्या वर्षांनी त्यांचं बोलणं कळलं, आणि चूल पेटवायची सोडून रडत बसले.

सांजच्याला मी मोठ्यानं वाचते. तात्यासाहेब शेंगा फोडीत बसतेत, कान इकडं नाय असं दाखवतेत. परवा पुस्तकातल्या एका बाईची हकीकत वाचताना मी मधीच थांबले तर म्हणाले, पुढं काय झालं त्या बाईच्या नवऱ्याचं?

पडेगावच्यांनी गोदाला पसंत केलं. मुलगा सोनाजी, शाळेत मास्तर आहे. लग्न वैशाखात. तुझ्याबद्दल त्यांना अजून काही सांगितलं नाय. ते मला भाकरीतल्या खड्यासारखं टोचतंय.

झोप वेळेवर घे.
तुझी आक्का

औरंगाबाद
१८ जानेवारी १९९२

आक्का!

नमस्कार चमत्कार नंतर. पुस्तक संपलं! सगळं! या आठवड्यात उरलेलं सगळं मराठीत केलं, झोपायची गरजच उरली नाही. गोळ्या बंद केल्या, त्यांनी डोक्यावर झाकण ठेवलं होतं ते उडालं. आता मला त्या लेखकापेक्षा जास्त कळतंय, म्हणून मी मधेमधे माझी प्रकरणं घातलीयत, शेती, पाऊस, निजामाचे कालवे, सगळं एकच आहे हे मी सिद्ध केलंय. गोदाच्या लग्नात प्रत्येक पाहुण्याला एक प्रत. हजार छापू. नाही, पाच हजार! चतुरा उगीच रडते. तिला समजाव. गठ्ठा पाठवतोय. लगेच वाच. लगेच!

बद्रीनाथ

पाचोड
२१ जानेवारी १९९२

चि. बद्री,
अनेक आशीर्वाद.

गठ्ठा मिळाला. बसून वाचला. पहिल्या पानांमध्ये मला तू दिसत होतास, मुंजाबाकाका दिसत होते. या गठ्ठ्यात मला कुणीच दिसंना. एका ओळीत कालवा आहे, दुसरीत चंद्र, आणि आजारी माणूस कुठंच नाय. बाळा, तू उधळलायस.

रागावशील. राग माझ्यावर काढ, चतुरावर नको. तू धड होतास तेव्हा तूच मला नेमलंस. मी काही मागून घेतलं नव्हतं. आता नेमलंयस तर ऐक. हे पत्र वाचून झालं की चप्पल घाल आणि चतुराबरोबर डॉक्टरांकडं जा. गोळ्या किती आणि कशा, ते तेच सांगतील. तू ठरवू नको, मीही ठरवत नाय.

मी पत्राच्या मागोमाग येतेय. तात्यासाहेब एस्टीत बसवून देतो म्हणाले होते, आता म्हणत्यात मीच संगट येतो.

तुझीच, द्वारका

पाचोड
२२ मार्च १९९२

चि. बद्रीनाथ यास अनेक आशीर्वाद.

आम्ही तुमच्याकडून परतल्यावर तुझं पहिलंच कार्ड आलं. चारच ओळी, पण सरळ. वेळेत गेलात म्हणून यंदा दवाखान्यात राहावं लागलं नाय, हे वाचून समाधान वाटलं. मधे काही दिवस बसला होतास, तेही चतुरानं कळवलं. बसलास तर बसलास. उठलास ना. त्या गठ्ठ्याची लाज वाटते असं लिहिलंस. आम्ही त्याच्या कोऱ्या बाजूवर गोदाच्या रुखवताचा हिशोब मांडलाय, वाया काही गेलं नाय.

आता मोठी बातमी. आम्ही दोघं पडेगावला जाऊन सांगून आलो. मीच बोलले. म्हणाले, माझ्या भावाला असा असा आजार आहे, नोकरी करतो, गोळ्या घेतो, दोनदा उधळला आणि दोनदा परत आला. विहीणबाई सारजाबाईंनी हातातली कपबशी खाली ठेवली ती पुन्हा उचललीच नाय. व्याही म्हणाले, विचार करून कळवतो. तुझी पहिली पानं मी तिथं ठेवून आले.

एस्टीत तात्यासाहेब सगळी वाट खिडकीबाहेर बघत बसले. मला वाटलं, झालं, माझ्यामुळं पोरीचं लग्न मोडलं. पाचोडला उतरल्यावर म्हणाले, बरं केलंस. पोरीला जन्मभर मामा लपवायला लावणार होतो का आपण?

मग कितीतरी दिवस निरोप नाय. गोदा जेवायला बसायची आणि भाकरी कुस्करत राहायची. शेवटी सोनाजी स्वतः आला. म्हणाला, आईचा होकार आहे, वडिलांचा निम्मा आहे, उरलेला निम्मा मांडवात होईल. तुझी पानं त्यानं घरात वाचून दाखवली. सारजाबाई म्हणाल्या म्हणे, जे लोक एवढं आपण होऊन सांगत्यात, ते आणखी काय लपवणार?

तर तू ये. नवरीला मांडवात मामानंच आणायचं असतं, आणि गोदाला दुसरा मामा नाय. हे वाक्य तात्यासाहेबांनी सांगून लिहवून घेतलंय.

वाट बघते.
तुझी आक्का

मुकुंदवाडी, औरंगाबाद
२० मे १९९२

ती. आक्कास,
बद्रीनाथचा शि. सा. न. वि. वि.

आम्ही सुखरूप पोचलो. तू बांधून दिलेले लाडू फकिराभाईंनी निम्मे संपवले, उरलेले चतुरानं डब्यात लपवलेत, कुठं ते मला कळू नये अशी तिची इच्छा आहे.

लग्न छान झालं. ऊन काय होतं! तात्यासाहेब तांब्या घेऊन माझ्या मागंमागं फिरत होते. या गोळीवर उन्हात पाणी कमी पडू देऊ नये, हे मी लिहून पाठवलेलं त्यांना पाठ होतं. व्याह्यांनी मला दोनचार वेळा जपूनच न्याहाळलं. मलाही त्यांचं वावगं वाटलं नाही. मंगलाष्टकं चालू असताना मी गोदाच्या मागं उभा होतो, तिच्या खांद्यावर हात ठेवून. तो जरासा थरथरला तर तिनं मागं न बघता आपला हात वर ठेवला. मग दोघांचेही थरथरायला लागले. पंक्तीत व्याही माझ्या शेजारी येऊन बसले आणि पैठणच्या कालव्याला पाणी कधी सुटणार ते विचारलं. मी माहीत होतं तेवढंच सांगितलं.

त्या गठ्ठ्यातली माझी पदरची प्रकरणं काढून टाकलीत. राहिलेलं पुन्हा दोनेक पानांनी चालू आहे. उधळणं आणि बसणं, हेच शब्द ठेवलेत.

एक गोष्ट तिथं गर्दीत तुला सांगता आली नाही. पाठवणीच्या वेळी गोदा तुझ्या गळ्यात पडली आणि मला रडू आवरेना. चतुरानं लगेच माझ्याकडं पाहिलं. ती नजर मी ओळखतो. झोप झाली होती का, गोळी घेतली होती का, हे कुठलं रडणं, असं सगळं तिच्या डोळ्यांत होतं. मी तिला म्हणालो की भ्यायचं काही नाही, हे रडणं आजाराचं नाही, भाचीचं आहे. मग तिनंही पदर डोळ्याला लावला. पलीकडं तात्यासाहेब टोपी तोंडावर धरून हुंदके देत होते, बानाबाई रडत होती, विहीणबाईसुद्धा रडत होत्या. आक्का, कितीतरी वर्षांनी मी सगळ्यांच्या संगट, सगळ्यांइतकाच रडलो.

गोदा माहेरपणाला आली की तिला इकडंही धाड.
तुझा भाऊ, बद्री