धुमस

सोमवार

पोचलो एकदाचे. खोली कारखान्याच्या मागच्याच गल्लीत, दुसऱ्या मजल्यावर. दोन खिडक्या, एक मोरी, आणि जिना इतका अरुंद की जाड्या माणसाने आडवंच होऊन उतरावं. सामान लावायच्या आधी बायकोने ही वही हातात ठेवली. म्हणाली, तोंड सोडायचं तर हिच्यात सोड, माणसांना सोड. खरंय तिचं. माझा राग नाकाच्या शेंड्यावर. मागच्या नोकरीत मुकादमाला पाण्याच्या पिंपात बुडवला होता. (थोडाच वेळ.) पुन्हा कुणावर हात उगारलास तर मी आईकडे निघून जाईन, असं तिने बजावलंय. हे सांगताना ती हसत नव्हती, म्हणून या वेळी जपायला हवं.

मंगळवार

गंमतच झाली. इथे मला रागासाठीच घेतलंय.

धुमस हा राखाडी धातू जगात एकाच डोंगराच्या पोटात मिळतो. धुमसच्या पात्याने दगड काकडीसारखा चिरला जातो. पण भट्टीत आठवडाभर घाला, ढिम्म हलत नाही. ती मऊ पडते फक्त माणसाच्या संतापाने. डावा तळवा उघडा धुमसच्या गोळ्यावर ठेवायचा, चिडायचं, आणि मऊ झाली की उजव्या हाताने हातोडा चालवायचा. चिडवायला वेगळा पगारी माणूस आहे. त्याला सगळे काड्या म्हणतात, कारण दिवसभर काड्या घालणं हेच त्याचं काम. आज त्याने माझ्या टकलापासून सुरुवात केली आणि बापावर घसरला. माझ्या अंगाचा तिळपापड झाला, गोळ्याची कणीक झाली. कारखाना चालवणाऱ्या वस्तादांनी पाठ थोपटली. असा तापट गडी बऱ्याच दिवसांत लाभला नव्हता म्हणाले. जन्मात पहिल्यांदा कुणी या गोष्टीचं कौतुक केलं.

पुढचा शुक्रवार

घरी आलो तर दूध उतू गेलेलं आणि माझा चांगला सदरा इस्त्रीने जळालेला. जाऊ दे, म्हणालो. बायको माझ्या नाकाकडे बघतच राहिली. राग सगळा धुमस पिऊन टाकते, घरी आणायला उरतच नाही. संध्याकाळी भांडी घासताना ती गुणगुणत होती. लग्न झाल्यापासून तिला गुणगुणताना ऐकलं नव्हतं. फार बरं वाटलं.

बुधवार

महिना झाला. काड्याचं बोलणं आता लागत नाही. आईवरून बोलला, बहिणीवरून बोलला, गोळा दगडाचा दगड.

कोपऱ्यात स्टुलावर एक म्हातारा बसलेला असतो. थंडोबा म्हणतात त्याला. एके काळी तोच इथला सगळ्यांत संतापी कारागीर होता म्हणे. त्याच्या डाव्या हाताला दोनच बोटं आहेत. मला वाटायचं, अपघात असेल. आज वस्तादांनी त्याला बोलावलं. तो मुकाट उठला, हात ऐरणीवर ठेवला, आणि वस्तादांनी माझ्यासमोर हातोडा घातला. बोटाचा चेंदामेंदा झाला. म्हातारा कळवळला, घामाने थबथबला, पण हात मागे घेतला नाही. मी गुरासारखा ओरडलो आणि तळव्याखाली धुमस लोण्यासारखी वाहायला लागली. वस्ताद म्हणाले, बघ, आहे की अजून. मग दिवस मावळेपर्यंत पाती ठोकत होतो. लाज वाटते लिहायला.

शनिवार

थंडोबाला विचारलं, उलटून मारत का नाहीस? तो म्हणाला, भीती वाटते रे, दुखतं सगळं. पण हात उगारायला जे लागतं तेच संपलंय. हे त्याने भाजीचा भाव सांगावा तसं सांगितलं.

मंगळवार

थंडोबाला मारून टाकलं. सळईने, गुडघ्यांपासून सुरुवात करून. मला गोळ्यावर तळवा ठेवून बघायला लावलं. रक्त माझ्या ओठांवर उडालं. मी रडलो, ओकलो. राग — राग आला नाही. आत सगळीकडे शोधला. धुमस थंडगार. वस्तादांनी हात पुसले आणि विचारलं, घरी कोण कोण असतं?

घरी पळत आलोय. बायकोला सांगितलं, आत्ताच्या आत्ता निघायचं. ती गाठोडं बांधतेय.

बुधवार

जिन्यात काड्या होता. एकटाच. किडकिडीत, माझ्या निम्म्या अंगाचा. एक गुद्दा पुरे होता. ती ओरडत होती, मार त्याला, मी नाही जात आईकडे, मार. माझा हात वर गेलाच नाही. काड्या तिला केसांना धरून फरफटत घेऊन गेला आणि मी मागून विनंत्या करत गेलो. विनंत्या —

कारखान्यात वस्तादांनी तिचे दात पाडले. मी भडकावं म्हणून. माझ्या तळव्याखाली गोळा दगडच राहिला. ती पडली ती गोळ्यावर, तळवा टेकला, तोंडातून रक्त आणि शिव्या. गोळा वितळून ऐरणीवरून खाली सांडला.

वस्तादांचा हात तसाच थांबला. हसले. म्हणाले, चुकीच्या माणसाला मारत होतो.

गुरुवार

तिचा डावा तळवा गोळ्याला बांधलाय, उजव्या हातात हातोडा दिलाय. स्टूल आता माझं. करंगळी गेली. तिने बघितलं — धुमस वाहिली. लिहू देतात. उजव्या हाताची अजून घाई नाही म्हणे.

शनिवार

आणखी तीन बोटं. दुखतंय, फार दुखतंय. ती एकेका बोटाला भडाभडा सगळं ओततेय. अशाने चार दिवसांत रिकामी होईल.

पाणी देताना तिच्या कानात सांगितलं, दुपारी गोळा बदलतात तेव्हा तळवा सोडतात. तेवढ्यासाठी राग राखून ठेव. एका घावापुरता. हातोडा हातातच असतो तुझ्या. तिने मान हलवली.

मी ओरडायचं नाही. ओरडलो की ती बघणार.

रविवार

अंगठा — ओरडलो नाही. दातांनी जीभ फाटली. तिने वर बघितलं नाही. शहाणी ग माझी —

गोळा गार पडला. वस्ताद वैतागलेत. बदलायला सांगितलंय.

दोरी सोडतायत. वस्ताद वाकलेत, मान उघडी, अगदी तिच्या पुढ्यात. तळवा सुटला. उठली. हातोडा —

मार ग. मार —

तिने हातोडा फडक्याने पुसला. जागेवर ठेवला. माझ्याकडे बघितलं. चेहरा शांत, इतका शांत — गोळा गार पडला तो तिने बघितलं नाही म्हणून नव्हे, तिचा राग संपलाच होता —

वस्ताद वळले. तिच्यासाठी दुसरं स्टूल आणायला सांगतायत. माझा उजवा हात मागतायत. मी देतोय, मी का दे