लाल फुल्या

वॉल्डरिंग, सफोक
४ डिसेंबर १९२६

चि. अँब्रोज यास,
लेटिसताईचे अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र पोचले. क्लेमेन्सीवहिनीचा खोकला कमी आहे हे वाचून बरे वाटले. पुढचे वाचून वाटले नाही.

आपली बहीण हेस्टर जाऊन तीन आठवडे झाले. दफनाच्या दिवशी तू तिच्या टेबलावरची तिची शेवटची भुताची कथा जपून ठेवतो म्हणून नेलीस. आता लिहितोस की शेवटचे पान हरवलेले दिसले, म्हणून ते तूच लिहिलेस आणि प्रकाशकाकडे धाडतो आहेस. तुझ्या पानात पाद्री प्रार्थना म्हणतात आणि भूत शांत होते! त्याआधी प्रवचनात तू गावाला सांगितलेस की अखेरीस तिला आपल्या भुतांचा पश्चात्ताप झाला. उशाशी मी होते, तू नव्हतास. शेवटच्या दुपारी ती प्रुफे तपासत छापखान्याला शिव्या देत होती.

कथा परत पाठव. लोभ आहे, तो टिकवणे तुझ्या हाती.
लेटिस

९ डिसेंबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

तीस वर्षे गणित शिकवलेस, अजून पट्टी हातात धरूनच पत्र लिहितेस! ताई, मी पाद्री माणूस. लोक बाजारात विचारतात, काय पाद्रीबाबा, घरची भुते बरी आहेत ना? आणि शेवटाविना कथा छापणार कोण? माझे पान क्लेमेन्सीला फार आवडले. समासात जागोजागी लाल फुल्या होत्या. ती वाक्ये हेस्टरलाच नकोशी झाली असणार, म्हणून माझ्या प्रतीत गाळली.

राग ओसरला की दोन ओळी लिही.
तुझा अँब्रोज

१२ डिसेंबर

चि. अँब्रोज,
आशीर्वाद आहेत, पण आज थोडेच.

त्या फुल्या माझ्या आहेत. हेस्टर प्रत्येक कथा मला वाचून दाखवी, मी विणत बसे. मला साहित्य कळत नाही, म्हणूनच मला. ज्या वाक्याला माझा टाका सुटे, तिथे ती फुली मारी. शेवटचे पान ती त्यानंतरच लिही. पान हरवले नाही. ते लिहिलेच गेले नाही. आणि तू नेमकी तीच वाक्ये गाळलीस! बावीस वर्षांत मी विणलेला एकही मोजा धड नाही. तुझ्या पायातलेही बघ.

खात्री असेल तर क्लेमेन्सीच्या हातात सुया दे आणि तुझी कथा वाच.

नाताळच्या आदल्या संध्याकाळी शाळेत हेस्टर दरवर्षी नवी कथा वाचे. यंदा मी वाचणार आहे.
लेटिस

१७ डिसेंबर

ती. ताईस,
सा. न.

वाचली. क्लेमेन्सीने आख्खी टाच बिनचूक विणली आणि मध्येच विचारले, नाताळला बदक किती मोठे आणायचे. मग मूळ कथा वाचली, फुल्यांसकट. तिचे चार टाके सुटले. रविवारी ती चर्चच्या शेवटच्या बाकावर बसायला तयार नाही. कथेत त्या बाकावर सापडणाऱ्या ओल्या हातमोज्याने माझीही झोप उडवली आहे.

माझे पान चुलीत घातले. प्रकाशकाला कळवले. मूळ कागद सोबत आहेत. प्रवचनाचे काय करू, ते तूच सांग.
अँब्रोज

२६ डिसेंबर

चि. अँब्रोज,
अनेक आशीर्वाद.

ज्या व्यासपीठावरून बोललास, त्यावरूनच परत घे. मी पुढच्या बाकावर बसेन.

परवा शाळेत जागा उरली नव्हती. हेस्टर थांबली तिथे मी थांबले. कोणी शेवट विचारला नाही. पण एकट्याने घरी जायला कोणी उठेना.

काल तुझ्यासाठी मोजा विणायला घेतला. घरात वाचणारे कोणी नाही. टाचेपर्यंत एकही टाका सुटला नाही. मी तो उसवून ठेवला.
तुझी,
लेटिसताई