सात मैलांची चाल

२ मार्च १८७४, लंडन.
संकल्प : हौशी अजिंक्यपदाच्या सात मैल चालण्याच्या शर्यतीत उतरणार. नुसता उतरणार नाही, पहिला येणार. कचेरीत रोज दोन मैल चालत जातो, म्हणजे निम्मी तयारी झालेलीच आहे. थोरली बहीण ऑगस्टा म्हणते, दोन हे साताचं निम्मं कधीपासून झालं? तिला खेळातलं काही कळत नाही.

३ मार्च, पहाटे ५. उठलो.
५.१०. पाऊस. सर्दी झाली तर महिना वाया जायचा. पुन्हा झोपलो. विश्रांती हा ट्रेनिंगचाच भाग.

६ मार्च. आहार सुरू. अर्धकच्चं मटण, शिळा पाव, पाणी जवळजवळ बंद, पुडिंग पूर्ण बंद. ऑगस्टाचा जॅम रोल पुडिंगमध्ये मोडत नाही, असं माझं मत पडलं. दोनदा पडलं.

११ मार्च. सरावाला सोबती मिळाला. जेबेझ टकर, खालच्या मजल्यावरचा सुतार. सज्जन माणूस. त्याला शर्यतीत उतरता येत नाही. हातानं काम करून पोट भरणाऱ्यांना नियमानं मनाई आहे. योग्यच आहे. अंगमेहनतीचा त्यांना फायदा मिळतो ना! आज तीन मैल चाललो. तो पाच मिनिटं आधी पोचला. मी शैलीकडे लक्ष देत होतो.

१९ मार्च. टकर आठ मिनिटं आधी. वारा समोरून होता. (त्यालाही समोरूनच होता, असं तो म्हणतो.) मग विचारतो, साहेब, गेल्या वर्षीच्या पहिल्याला किती वेळ लागला होता? मी सांगितलं. तो हळूच म्हणाला, काल मी सात मैल त्याहून कमी वेळात चाललो की; आणि खांद्यावर हत्यारांची पिशवी होती. बिचाऱ्याचं घड्याळ बिघडलेलं असणार.

२४ मार्च. अर्ज भरला. व्यवसाय : सद्गृहस्थ. ऑगस्टा म्हणाली, अरे लायनेल, तू दिवसभर पत्रांच्या नकला करतोस त्या काय पायानं?

३० मार्च, सकाळ. आज शर्यत. तब्येत उत्तम. चषकासाठी कपाटावरची फुलदाणी बाजूला केली. ऑगस्टानं परत जागेवर ठेवली.

३० मार्च, संध्याकाळ.
पाच जण होतो. पहिल्या फेरीअखेर मी दुसरा. हे मुद्दाम नोंदवतो.

बाराव्या फेरीत पहिल्यानं मला तिसऱ्यांदा मागे टाकलं. जाताना 'माफ करा हं' म्हणाला. पुढे बाकीचे चौघे पोचले, कोट घालून चहाला गेले. पंच खुर्च्या गोळा करू लागले. माझ्या तीन फेऱ्या बाकी होत्या.

तेवढ्यात टकर मैदानाभोवतीच्या दोराच्या पलीकडून माझ्याबरोबर चालू लागला. साहेब, खांदे सैल सोडा. हां, अस्सं. आता थांबायचं नाही. माझ्यासाठी तो किती हळू चालतोय, हे मला प्रथमच दिसलं. त्याला म्हटलं, बाबा, तू हो पुढे. तो हसला. म्हणाला, कुठे होऊ साहेब? आत कुठे घेतात आम्हाला?

टकरचं घड्याळ बरोबर होतं. इतके दिवस मला ते ठाऊक होतं.

शेवटच्या फेरीला मी दोर वर उचलून धरला. त्यानं इकडेतिकडे पाहिलं. पंचांची पाठ होती. वाकून आत आला, टोपी खिशात घातली आणि निघाला. काय चालला! मी पहिल्या वळणावर होतो तेव्हा तो पलीकडच्या बाजूला पोचला होता. वेळ मोजायला कोणी नव्हतं. मी उभा राहून टाळ्या वाजवल्या, मग उरलेलं चाललो.

निकाल : पाच जणांच्या शर्यतीत मी सहावा.