मोठीवर लक्ष ठेव

प्रिय बाबा,

तुम्ही गेल्याला दोन महिने झाले. पत्र लिहायचं असं काही ठरवलं नव्हतं. पण आज सकाळी माशांच्या टाकीतल्या मोठीने पाठीवरचा पर उभारला आणि तो लालभडक दिसला. हे सांगावं असं या घरात दुसरं कोणी नाही.

आधी जे लपवलं ते सांगते. टाकीतला लाल्या मेला. तुम्ही अलिबागला हॉस्पिटलात होतात, तेव्हाच.

क्षार मोजायला मी टाकीवरची जाळी काढली होती. तेवढ्यात तुमच्या वॉर्डातून फोन आला, कागदांवर सही हवी होती. मी तशीच निघाले. संध्याकाळी आले तर तो टाकीमागे फरशीवर, सुकून कडक झालेला. बोटाएवढा जीव. 'जाळी आधी, दुसरं काम मागाहून,' हे तुम्ही मला किती वेळा सांगितलं असेल?

बंगल्याच्या मालकांनी बंगला विकला आणि टाकी तुमच्या गळ्यात घातली, तेव्हा मी चिडले होते. बारा वर्षं त्यांची बाग राखलीत, मासे राखलेत, आता घरीही तेच? रिक्षात मांडीवर पिशवी धरून तुम्ही रेवदंड्यापर्यंत आलात. पिशवीत फेअरी रॅस जातीचे चार मासे. लाल्या एकटा नर, बाकी तीन माद्या.

हे मासे आपल्या गढूळ किनाऱ्याचे नाहीत, दूरच्या प्रवाळांवरचे आहेत, हे मी तुम्हाला मोबाइलवर दाखवलं होतं. तुटक्या प्रवाळाच्या उतारावर शेकड्यांनी तरंगणारे, मध्येच पर फुलवून मिरवणारे नर. तुम्ही बराच वेळ बघत राहिलात. मग म्हणालात, "तिथे भ्याला, वर उसळला, तरी वर पाणीच हाय. इथे वर काय हाय? आपली फरशी."

आणि नर एकटा राहिला की त्याचा रंग उतरतो, हे मी वाचून दाखवलं, तेव्हा तुम्ही मोबाइल मला परत दिलात. आईच्या फोटोकडे पाहिलंत का, ते मला आता आठवत नाही.

नर नाहीसा झाला तर माद्यांतली सगळ्यात मोठी हळूहळू नर होते, हेही तेव्हाच वाचलं होतं. "बरं हाय," तुम्ही म्हणालात, "सोयरीक शोधत फिरायला नको." आणि माझ्याकडे बघून हसलात. मी दोन दिवस बोलले नाही.

टाकीसाठी समुद्राचं पाणी आणायला आता नामदेवकाकांच्या होडीवर मी जाते. खाडीच्या तोंडापासून बरंच बाहेर, तुम्ही जायचात तिथे. परवा मी कॅनमधल्या पाण्याचे क्षार मोजत होते, तर काका म्हणाले, "तुझा बाप जिभेवर घेऊन सांगायचा. तू यंत्र घेऊन आलीस. त्याला काय चव कळते?" काका वळल्यावर मी बोट बुडवून चाखलं. खारट होतं. मला त्यातून एवढंच कळलं.

आता हॉस्पिटलातून तुम्ही केलेल्या त्या फोनबद्दल. लाल्या मेला त्याच्या दुसऱ्या दिवशी तुम्ही विचारलंत, "लाल्या कसा हाय?"

"बरा आहे."

"पाणी?"

"बरं आहे."

"बरं," म्हणालात आणि फोन नर्सकडे दिलात.

त्यानंतरच्या फोनवर तुमचा प्रश्न होता, "तिघी जेवल्या?" मला वाटलं, औषधांमुळे तुम्हाला चार आठवत नाहीत. मग म्हणालात, "मोठीवर लक्ष ठेव. दुसरं काय न्हाय." तेही मी औषधांच्या खात्यात टाकलं. नंतर लाल्याचं नाव तुम्ही एकदाही घेतलं नाहीत.

आज तो लाल पर बघितला आणि 'मोठीवर लक्ष ठेव'चा अर्थ लागला. कारखान्याच्या लॅबमध्ये दिवसभर नमुने तपासणारी मी, रोज तुम्हाला तापमान दशांशापर्यंत सांगायची. त्या एका दिवशी नुसतं 'बरं आहे' म्हणाले. तुम्हाला तेवढं पुरलं, नाही का?

मग विचारलं का नाहीत, बाबा? एकदा शिवी घातली असतीत तर मी रडले असते, तुम्ही ऐकलं असतं. मला न रागावता तुम्ही निघून गेलात, हे बरं केलं नाहीत.

मोठी आता बाकीच्या दोघींभोवती फेऱ्या मारते, पर फुलवते, अंग निळसर चमकवते. अजून नीट जमत नाही तिला. पण रंग रोज थोडा वाढतोय.

यापुढे तुम्हाला 'बरं आहे' असं कधी सांगणार नाही, हा माझा शब्द. जे असेल ते आकड्यासकट सांगेन, माझंसुद्धा. आज तापमान सव्वीस पूर्णांक दोन दशांश. तिघी जेवल्या. मी अजून जेवलेले नाही.

जाळी लावूनच लिहायला बसले आहे.

तुमची,
स्वाती